कर्तव्य पथावरचे प्रजासत्ताक दिन संचलन : दिल्लीत जाऊन पाहताना आणि घरी बसून पाहताना

दिल्लीला जाऊन २६ जानेवारीचे संचलन पाहायचे ठरवणाऱ्या बहुतेकांची पहिली चौकशी तिकिटाची असते. अलीकडच्या वर्षांत हे तिकीट वीस किंवा शंभर रुपयांना मिळते आणि ते काढणे हा या साऱ्या खटाटोपातला सर्वांत सोपा भाग आहे. अवघड आहे ते पहाटे घराबाहेर पडल्यापासून दुपारी साडेबारापर्यंत, उत्तर भारतातल्या कडाक्याच्या थंडीत, पाण्याची बाटली, डबा, पिशवी, छत्री यांपैकी काहीही जवळ नसताना, लहान मुले आणि वयस्कर माणसे यांना सांभाळत एका जागी बसून राहणे. त्यामुळे या लेखात तिकिटाइतकीच जागा प्रवासाच्या आखणीला, कपड्यांना आणि त्या दिवशीच्या पहाटेला दिली आहे. ज्यांना जाणे शक्य नाही, त्यांच्यासाठी घरी नीट पाहण्याची पद्धतही पुढे दिली आहे. तो मार्ग दुय्यम आहे असे मी मानत नाही.

आधी एक निर्णय

कर्तव्य पथावर बसलेल्या माणसाला रस्त्याचा एक तुकडा आणि त्यावरचे आकाश दिसते. तोफांचा दणका मात्र छातीत जाणवतो, शेकडो बुटांचा एकाच वेळी पडणारा आवाज ऐकू येतो आणि रणगाडा समोरून जाताना पायाखालची जमीन किंचित थरथरते. या गोष्टी पडद्यावर येत नाहीत. याउलट घरी बसलेल्याला राष्ट्रपतींचे आगमन, राष्ट्रीय युद्ध स्मारकावरचे पुष्पचक्र, चित्ररथांवरचे बारकावे आणि तुकडीतल्या जवानाचा चेहरा असे सगळे जवळून दिसते. वर्षानुवर्षे दूरदर्शनवर पाहिलेलेच दृश्य अधिक मोठे दिसेल या अपेक्षेने जो दिल्लीला जातो, त्याची निराशा होण्याचा संभव असतो. जो त्या वातावरणासाठी जातो, तो मात्र समाधानाने परततो.

तान्ही मुले, वारंवार स्वच्छतागृहात जावे लागणारी किंवा ठरावीक वेळी खावेच लागणारी माणसे बरोबर असतील, तर माझा सल्ला घरीच पाहण्याचा आहे. पाच-सहा वर्षांपुढची मुले, नीट तयारी केली तर, चांगली रमतात.

तिसराही एक पर्याय आहे आणि तो पुष्कळांना माहीत नसतो. २३ जानेवारीच्या सुमारास याच मार्गावर संपूर्ण रंगीत तालीम होते. तुकड्या, रणगाडे, घोडेस्वार, चित्ररथ सर्व तेच असतात. नसतात ते फक्त राष्ट्रपती आणि प्रमुख पाहुणे. तिच्या प्रवेशाची व्यवस्था त्या-त्या वर्षी वेगळी जाहीर होते, तेवढी पाहून घ्यावी.

प्रवासाची आखणी : येथेच घोळ होतो

रेल्वेचे आरक्षण आता साठ दिवस आधी सुरू होते, म्हणजे २४ जानेवारीला दिल्लीत पोहोचायचे तर नोव्हेंबरच्या अखेरीस तिकीट काढावे लागते. संचलनाच्या तिकिटांची विक्री मात्र जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात सुरू होते. याचा अर्थ असा, की प्रवास आधी ठरतो आणि खुर्ची मिळणार की नाही हे नंतर कळते. ही अनिश्चितता टाळता येत नाही. म्हणून दिल्लीची सहल अशी आखावी, की संचलनाचे तिकीट न मिळाले तरी ती वाया जाऊ नये. लाल किल्ल्यावरचा भारत पर्व हा उत्सव आणि २९ जानेवारीचा बीटिंग रिट्रीट हा सैन्यदलांच्या बँडचा सोहळा यांचा उपयोग येथे होतो. दोन्हींविषयी पुढे लिहिले आहे.

जानेवारीत धुक्यामुळे उत्तरेकडच्या गाड्यांना कित्येक तास उशीर होतो. २५ तारखेला संध्याकाळी पोहोचणारी गाडी निवडणे म्हणजे संचलन जुगारावर लावणे होय. किमान २४ तारखेला दिल्लीत असावे. विमानाने जाणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी: संचलनाच्या आधीच्या आठवड्यात, तालमींमुळे, आणि खुद्द २६ तारखेला सकाळी साडेदहाच्या आसपासपासून दुपारी पाऊण वाजण्याच्या सुमारापर्यंत दिल्लीचे आकाश नागरी विमानांसाठी बंद ठेवले जाते. या काळातली उड्डाणे रद्द होतात किंवा पुढे ढकलली जातात, म्हणून परतीचे तिकीट २७ तारखेचे काढावे.

राहण्याची जागा निवडताना ती कर्तव्य पथापासून किती जवळ आहे यापेक्षा मेट्रो स्थानकापासून किती जवळ आहे हे पाहावे. २५ तारखेच्या संध्याकाळपासून कर्तव्य पथावरची वाहतूक बंद होते, रात्री उशिरा आडवे रस्तेही बंद होतात आणि सकाळी टॅक्सी आपल्याला नेमकी कोठे सोडून देईल याचा भरवसा उरत नाही. पायी पाच मिनिटांवर मेट्रो असलेली दूरची खोली त्या पहाटे अधिक सोयीची ठरते.

तिकीट काढणे

संरक्षण मंत्रालयाच्या 'आमंत्रण' या संकेतस्थळावर आणि त्याच नावाच्या ॲपवर तिकिटे मिळतात. मोबाइल क्रमांकावर नोंदणी करायची, प्रत्येक माणसाचे नाव आणि छायाचित्र असलेल्या ओळखपत्राचा तपशील भरायचा आणि पैसे भरून तिकीट उतरवून घ्यायचे, असा साधा क्रम आहे. दररोजचा कोटा ठरलेला असतो आणि तो लवकर संपतो. म्हणून विक्री सुरू होण्याच्या आदल्या दिवशीच नोंदणी पुरी करून ठेवावी आणि सर्वांच्या ओळखपत्रांचे क्रमांक एका कागदावर लिहून समोर ठेवावेत. ओळखपत्र शोधण्यात गेलेली पाच मिनिटे त्या दिवशी महाग पडतात.

दिल्लीत राहणाऱ्या नातेवाइकाची मदत असेल तर खिडकीवरही तिकिटे मिळतात. सेना भवन, शास्त्री भवन, जंतर मंतर आणि राजीव चौक मेट्रो स्थानक येथे अलीकडच्या वर्षांत अशा खिडक्या उघडल्या गेल्या आहेत. तेथे मूळ ओळखपत्र दाखवावे लागते, आणि ज्या ओळखपत्रावर तिकीट काढले तेच मूळ ओळखपत्र संचलनाच्या दिवशीही बरोबर न्यावे लागते. तिकिटासाठी आधार कार्ड वापरले आणि त्या दिवशी वाहन परवाना नेला, असे करू नये.

वीस आणि शंभर रुपयांच्या तिकिटांवर विभाग ठरलेला असतो, खुर्ची नव्हे. विभागातली पुढची जागा लवकर येणाऱ्याला मिळते, एवढाच हिशेब आहे. विभाग निवडण्याची संधी मिळाली, तर दिशेचा विचार करावा. कर्तव्य पथ राष्ट्रपती भवन असलेल्या पश्चिमेकडच्या रायसीना टेकडीपासून पूर्वेकडच्या इंडिया गेटकडे जातो आणि जानेवारीत सकाळी साडेदहा ते बारा या वेळी सूर्य आग्नेयेपासून दक्षिणेकडे सरकत असतो. रस्त्याच्या उत्तर बाजूला बसणाऱ्याचे तोंड दक्षिणेला असते, त्यामुळे ऊन थेट डोळ्यांवर येते. दक्षिण बाजूला बसणाऱ्याच्या पाठीवर ऊन पडते आणि समोरचे रंग उजळून दिसतात. निवड हाती नसेल तर निदान पुढे झडप असलेली टोपी बरोबर असावी.

अंगावर काय, खिशात काय

प्रवेशद्वारावर अडवल्या जाणाऱ्या वस्तूंची यादी लांबलचक आहे: पिशव्या, खाद्यपदार्थ, पाण्याच्या बाटल्या, थर्मास, छत्री, कॅमेरा, दुर्बीण, पॉवर बँक, मोबाइलचा चार्जर, लॅपटॉप, टॅब्लेट, गाडीची रिमोटची किल्ली, अत्तर, स्प्रे, काडेपेटी, लायटर, सिगारेट, चाकू, कात्री, खेळण्यातली बंदूक. पोलीस दरवर्षी ही यादी जाहीर करतात आणि तिकिटावरही सूचना छापलेल्या असतात. त्या वर्षीची यादी तीच प्रमाण मानावी. अडवलेली वस्तू सांभाळण्याची सोय मिळेलच असे नाही आणि मागे वळून ती ठेवून येण्याइतका वेळही नसतो. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा माझ्यापुढे रांगेत असलेल्या एका आजोबांनी कॉफीने भरलेला स्टीलचा थर्मास आणला होता. तो त्यांनी दाराशीच उघडला आणि टोपणात ओतून रांगेतल्या चार अनोळखी माणसांना कॉफी दिली. मग रिकामा थर्मास तेथेच सोडून ते आत गेले.

याचा सरळ परिणाम असा, की ऊब, अन्न आणि पाणी हे सगळे आपल्या अंगावर किंवा पोटात घेऊनच आत जावे लागते. जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात दिल्लीचे किमान तापमान सात-आठ अंशांच्या आसपास असते आणि पहाटे धुके असते. ऊन आले की दुपारी मात्र स्वेटरही नकोसा होतो. म्हणून एकच जाड कोट घालण्याऐवजी थर घालावेत: आत थर्मल, त्यावर पूर्ण बाह्यांचा शर्ट, त्यावर स्वेटर आणि वर वारा अडवणारे जॅकेट. कोकणातून किंवा मुंबईतून जाणाऱ्यांची चूक बहुधा पायांच्या बाबतीत होते. माणूस चार तास खुर्चीवर स्थिर बसला की थंडी पायांच्या बोटांतून चढते, म्हणून लोकरीचे मोजे आणि बंद बूट हवेतच. कानटोपी आणि हातमोजे खिशात मावतात. जॅकेटला भरपूर खिसे असावेत, कारण त्या दिवशी तीच आपली पिशवी असते. एका खिशात तिकीट व ओळखपत्र, दुसऱ्यात पूर्ण चार्ज केलेला मोबाइल, तिसऱ्यात रुमाल, थोडे पैसे आणि अत्यावश्यक औषधे, डॉक्टरांच्या चिठ्ठीसह, अशी विभागणी आदल्या रात्रीच करून ठेवावी. लहान मुलाच्या खिशात आपला मोबाइल क्रमांक लिहिलेली चिठ्ठी ठेवावी.

२६ तारखेची पहाट

संचलन अलीकडे सकाळी साडेदहाला सुरू होते. सात-साडेसातच्या सुमारास प्रवेशद्वाराशी असावे, असे गणित धरून उलटे मोजत यावे. पाच वाजता उठून पोटभर खावे. पराठा, उपमा, अंडी असे काहीतरी, जे बारापर्यंत टिकेल. पाणी उठल्याबरोबर प्यावे, निघताना नव्हे. त्या दिवशी दिल्ली मेट्रो नेहमीपेक्षा बरीच आधी, पहाटे तीन-चारपासून, सुरू होते; सहापर्यंत मात्र गाड्या अर्ध्या अर्ध्या तासाने असतात, एवढे लक्षात ठेवावे. मागील काही वर्षांत संचलनाचे तिकीट किंवा निमंत्रण असणाऱ्यांना मेट्रोचा प्रवास मोफत होता आणि केंद्रीय सचिवालय व उद्योग भवन या स्थानकांतून विभागानुसार बाहेर पडण्याची व्यवस्था होती. आपल्या तिकिटावर जे स्थानक आणि जे प्रवेशद्वार छापले असेल तेथेच उतरावे, कारण चुकीच्या बाजूला बाहेर पडल्यास रस्ता ओलांडू देत नाहीत आणि लांबचा वळसा पडतो.

मेट्रोतून उतरल्यावर तपासणीचे एकाहून अधिक टप्पे असतात. घड्याळ, पट्टा, नाणी हातात काढून ठेवली तर रांग लवकर सरकते. आत गेल्यावर बसण्यापूर्वी स्वच्छतागृह कोठे आहे ते पाहून तेथे जाऊन यावे; कार्यक्रम सुरू झाल्यावर हालचालीवर बंधने येतात. कुटुंबाने एकत्र भेटण्याची जागाही याच वेळी ठरवावी, कारण संपल्यावर गर्दीत मोबाइल लागतोच असे नाही.

समोर काय घडते आणि कशाकडे पाहावे

पंतप्रधान प्रथम राष्ट्रीय युद्ध स्मारकावर पुष्पचक्र अर्पण करतात. २०१९ मध्ये हे स्मारक उभे राहिले आणि २०२० पासून हा विधी तेथे होतो. त्याआधी तो इंडिया गेटखालच्या अमर जवान ज्योतीपाशी होत असे. नंतर अंगरक्षक दलाच्या घोडेस्वारांसह राष्ट्रपती येतात. २०२४ पासून त्या पुन्हा पारंपरिक बग्गीतून येऊ लागल्या. मधली चाळीस वर्षे ही प्रथा बंद होती. मग ध्वज फडकवला जातो. येथे मुलांना एक फरक आवर्जून दाखवावा: १५ ऑगस्टला ध्वज खालून दोरीने वर चढवला जातो, तर २६ जानेवारीला तो आधीच खांबाच्या टोकाशी गुंडाळून बांधलेला असतो आणि दोरी ओढून मोकळा केला जातो. १५ ऑगस्ट १९४७ ला परकीय ध्वज उतरून आपला वर चढला. २६ जानेवारी १९५० ला, संविधान अमलात आले तेव्हा, तो आधीच फडकत होता. राष्ट्रगीताच्या बावन्न सेकंदांत २१ तोफांची सलामी बसवलेली असते आणि २०२३ पासून ती भारतीय बनावटीच्या १०५ मिलिमीटर तोफांनी दिली जाते. हा आवाज मोठा असतो. लहान मूल दचकू नये म्हणून त्याला आधी सांगून ठेवावे.

हेलिकॉप्टरमधून पुष्पवृष्टी होते, संचलनाचे प्रमुख मानवंदना देतात आणि त्यांच्या मागोमाग उघड्या जीपमधून परमवीर चक्र व अशोक चक्र विजेते येतात. माझ्या मते साऱ्या सकाळमधला सर्वांत महत्त्वाचा क्षण हाच, आणि तो अगदी थोडा वेळ टिकतो. मोबाइल खिशात ठेवून उभे राहावे. घोडेस्वारांची ६१ वी कॅव्हलरी, रणगाडे व क्षेपणास्त्रे, पायदळाच्या तुकड्या, नौदल, हवाई दल, निमलष्करी दले, सीमा सुरक्षा दलाचे उंट आणि राष्ट्रीय छात्र सेना असा पुढचा ओघ साधारण चालतो. दरवर्षी त्यात थोडे बदल होतात. प्रत्येक रेजिमेंट दरवर्षी नसते. मराठा लाइट इन्फंट्री असेल त्या वर्षी तिच्या युद्धघोषाकडे कान द्यावा: 'बोल श्री छत्रपती शिवाजी महाराज की जय'. बसलेल्या मराठी प्रेक्षकांत तो घोष कसा पसरत जातो हे ऐकण्यासारखे असते. तुकडी पाहताना सबंध तुकडीवर नजर फिरवण्यापेक्षा आपल्या सर्वांत जवळची एकच आडवी रांग निवडावी आणि ती डाव्या टोकापासून उजव्या टोकापर्यंत पाहावी. नौदल, हवाई दलाच्या तुकडीत अशा बारा जणांच्या बारा रांगा असतात. खांदे, हात आणि बुटांची टोके एका रेषेत राहिली आहेत की नाही हे तेव्हाच कळते.

चित्ररथ ट्रॅक्टरने ओढले जातात, पण तो ट्रॅक्टर सजावटीत दडवलेला असतो. राज्याचे नाव पुढे हिंदीत, मागे इंग्रजीत आणि दोन्ही बाजूंना त्या राज्याच्या भाषेत लिहिण्याचा नियम आहे. प्रेक्षकाला चित्ररथ बाजूनेच दिसत असल्यामुळे तामिळनाडूचे नाव तामिळमध्ये, पश्चिम बंगालचे बंगालीत दिसते. मुलांकडून लिपी ओळखून घेण्याचा खेळ येथे चांगला जमतो. महाराष्ट्राच्या चित्ररथाला २०१५ मध्ये 'पंढरीची वारी' आणि २०१८ मध्ये 'शिवराज्याभिषेक' या विषयांसाठी पहिला क्रमांक मिळाला होता. सर्व राज्यांना दरवर्षी संधी मिळत नाही, हेही जाण्याआधी पाहून ठेवावे.

पूर्वी नृत्यपथके मुख्य व्यासपीठासमोर थांबून कला सादर करीत आणि लांबच्या विभागांना केवळ चालणारे कलाकार दिसत. २०२५ मध्ये पाच हजार कलाकारांनी संपूर्ण कर्तव्य पथ व्यापून अकरा मिनिटांचे नृत्य सादर केले, तेव्हा प्रथमच सर्वांना ते सारखे दिसले.

संचलन साधारण दीड तासाचे असते आणि विमाने शेवटच्या भागात येतात. ती रायसीना टेकडीकडून इंडिया गेटकडे जातात. लढाऊ विमानाचा आवाज आपल्यापर्यंत पोहोचतो तेव्हा विमान पुढे निघून गेलेले असते. म्हणून घोषणा ऐकताच टेकडीच्या दिशेला नजर लावून ठेवावी, आवाजाची वाट पाहू नये. धुके असेल तर नाइलाज होतो. २०२३ मध्ये कमी दृश्यमानतेमुळे हा भाग बराचसा झाकोळला होता.

बाहेर पडणे आणि लाल किल्ला

शेवटचे राष्ट्रगीत झाल्यावर सगळे एकदम उठतात. वीस-पंचवीस मिनिटे बसून राहिल्यास मेट्रोच्या जिन्यावरची चेंगराचेंगरी टळते. संचलन टिळक मार्ग, बहादूर शाह जफर मार्ग, नेताजी सुभाष मार्ग अशा वाटेने लाल किल्ल्यापर्यंत जाते आणि तिकीट नसलेले अनेक जण त्या वाटेवर कडेला उभे राहून पाहतात. तेथे कोठे उभे राहू देतील हे त्या दिवशीच्या बंदोबस्तावर अवलंबून असते. चित्ररथ निवांतपणे पाहायचे असतील तर लाल किल्ल्यावरचा भारत पर्व हीच योग्य जागा होय. २६ ते ३१ जानेवारी या काळात ते तेथे उभे असतात, त्यांच्याभोवती फिरता येते आणि कारागिरांनी केलेले फायबर, काथ्या यांचे काम हातभर अंतरावरून न्याहाळता येते. २९ तारखेला संध्याकाळी विजय चौकात बीटिंग रिट्रीट होतो. सैन्यदलांचे बँड आणि शेवटी दिव्यांनी उजळणारी रायसीना टेकडी यांसाठी तो पाहावा. त्याचे तिकीटही 'आमंत्रण'वरच मिळते.

घरी पाहताना

शाळेचे किंवा सोसायटीचे ध्वजवंदन आटोपून साडेनऊपर्यंत घरी यावे, म्हणजे युद्ध स्मारकापासूनचा कार्यक्रम चुकत नाही. दूरदर्शनच्या राष्ट्रीय वाहिनीवर आणि तिच्या यूट्यूब वाहिनीवर थेट प्रक्षेपण असते. इंटरनेटवरचे चित्र डिश किंवा केबलच्या मागे काही सेकंद राहते, त्यामुळे घरात दोन पडदे एकदम सुरू ठेवू नयेत. दृष्टी अधू असलेल्या वडीलधाऱ्यांसाठी आकाशवाणीचे धावते वर्णन अधिक चांगले, कारण ते चित्र नाही असे गृहीत धरूनच केलेले असते. सोसायटीच्या सभागृहात प्रोजेक्टर लावणार असाल, तर आदल्या दिवशी त्याच वेळेच्या उजेडात पडदे, आवाज आणि इंटरनेट तिन्ही तपासून घ्यावे. सकाळच्या उन्हात प्रोजेक्टरचे चित्र फिके पडते आणि ते ऐनवेळी लक्षात येते.

संचलनात कोणत्या तुकड्या आणि कोणते चित्ररथ आहेत याची माहिती केंद्र सरकारचे पत्र सूचना कार्यालय आधीच प्रसिद्ध करते. ती वहीत उतरवून घ्यावी आणि मुलांना एकेक नाव वाटून द्यावे. आपले नाव आले की त्या मुलाने दोन वाक्यांत माहिती सांगायची. दीड तास पडद्यासमोर नुसते बसवण्यापेक्षा यात मुले टिकतात, आणि ज्याच्या वाट्याला सीमा सुरक्षा दलाचे उंट आले आहेत ते मूल सकाळपासून त्यांची वाट पाहत बसते. विमानांचा भाग घरी अधिक चांगला दिसतो, कारण २०२२ पासून वैमानिकाच्या कक्षातली दृश्येही दाखवली जातात.

संचलन संपल्यावर 'मायगव्ह' या सरकारी संकेतस्थळावर सर्वांत आवडलेल्या चित्ररथासाठी मत देता येते. लोकांच्या पसंतीचा हा पुरस्कार २०२२ पासून दिला जातो आणि पहिल्याच वर्षी तो महाराष्ट्राच्या जैवविविधतेवरच्या चित्ररथाला मिळाला होता. मतदान थोडेच दिवस खुले असते, म्हणून वहीतल्या यादीवर मुलांच्या खुणा ताज्या असतानाच बसून ते उरकावे.